मे महिन्यात मोजलेली नदी

आमच्या दुकानात पावसाळा आकाशातून येत नाही, मोरीच्या जाळीतून येतो. हिंदमाताला साड्यांच्या दुकानात तीस वर्षं काढलेल्या माणसाचं हे शास्त्र आहे, त्यात कुणी वाद घालू नये. जून लागला की आम्ही खालचे दोन कप्पे रिकामे करतो. पैठण्या, कांजीवरम माळ्यावर चढतात आणि खाली राहतात त्या रोजच्या सिंथेटिक साड्या, भिजल्या तरी झटकून वाळत घालता येतील अशा. मग गल्ल्यामागच्या कॅलेंडरवर भरतीच्या वेळा लिहायच्या. जमिनीखाली मोठाल्या टाक्या बांधल्यापासून हल्ली पूर्वीइतकं पाणी भरत नाही आणि शेठ दरवर्षी म्हणतात, ‘दीपकभाई, आता कशाला हा खटाटोप?’ तरी कप्पे रिकामे होतात आणि सगळ्यांत आधी शेठच माळ्याची शिडी धरून उभे असतात.

परवा जोराची सर येऊन गेली. रस्त्यावर घोट्याएवढं पाणी साचलं होतं. प्रणाली, आमच्याकडे तीन महिन्यांपूर्वी लागलेली मुलगी, दारात उभी राहून बाहेर बघत होती. गिऱ्हाईक नव्हतं. दुकानभर ओल्या छत्र्यांचा आणि नव्या कापडाच्या खळीचा मिळून एक वास भरला होता, तो फक्त जुलैत येतो.

‘‘दीपककाका,’’ ती म्हणाली, ‘‘पाऊस थांबून अर्धा तास झाला ना? मग पाणी अजून चढतंय कसं?’’

माझ्या हातात नऊवारीची अर्धी घडी होती, ती तशीच राहिली. याच दारात, याच जागी उभं राहून माझ्या वडिलांनी अगदी हाच प्रश्न विचारला होता. फरक इतकाच की प्रणाली उत्तराची वाट न बघता मोबाइलमध्ये शिरली आणि आप्पांनी त्या प्रश्नापायी एक अख्खा पावसाळा घालवला.

आप्पांना जाऊन आता दोन पावसाळे झाले. ते गिरणीत फोल्डिंग खात्यात होते. तयार कापडाच्या घड्या घालायच्या आणि वार मोजायचे, हे त्यांचं आयुष्यभराचं काम. गिरणी बंद झाली, पण मोजायची सवय काही बंद झाली नाही. सदऱ्याच्या खिशात कायम गुंडाळीची टेप. चाळीची गॅलरी, गणपतीचं मखर, शेजाऱ्यांनी वाटलेल्या पेढ्यांचा खोका, काहीही मोजायचे. माझ्यासाठी मुलगी बघायला गेलो तेव्हा पोहे येईपर्यंत यांनी त्यांच्या दाराची उंची मोजली होती. सासरे अजून सांगतात की मुलगी पसंत आहे हे कळलं संध्याकाळी, पण दार पसंत आहे हे तेव्हाच कळलं.

ही टेप आमच्या घराला एकदा फार महागात पडली.

आमचं गाव तळकोकणात आहे. गावातून सह्याद्रीचा कडा समोर दिसतो, इतका जवळ की पावसाळ्यात त्याच्यावरून कोसळणारे धबधबे अंगणात बसून मोजावेत. आणि खालच्या वाडीपाशी, जिथे नदी खाडीला मिळते, तिथे भरतीचं खारं पाणी चढतं. म्हणजे डोंगर आणि समुद्र यांच्या मध्ये आमचं गाव, पाट आणि भिंत यांच्या मध्ये मांजर बसावं तसं. लहानपणी मला याचं फार अप्रूप वाटायचं. त्याच डोंगराच्या पलीकडच्या अंगाला पडलेलं पाणी म्हणे सगळा देश तुडवत पूर्वेच्या समुद्राला जातं. आमच्या नदीला तेवढी सबुरी कुठली. सकाळी डोंगराखाली टाकलेली करवंटी दिवस मावळायच्या आत खाडीत. पुस्तकात नदी संथ वाहते असं वाचलं की मला वाटायचं, लिहिणाऱ्याने आमची नदी पाहिलेली नाही.

पण खरं सांगायचं तर आम्हीही कुठे पाहिली होती? आम्ही मुंबईकर चाकरमानी. आमची नदी मे महिन्यातली. गुडघाभर पाणी, पायाला गुदगुल्या करणारे मासे, गोट्यांवर वाळत घातलेली गोधडी. आणि गणपतीत चार दिवस जाऊ तेव्हा पाऊस ओसरू लागलेला. आषाढ-श्रावणात ती कशी असते हे फक्त गावात राहणाऱ्यांना ठाऊक. त्यातही आमच्या थोरल्या काकीला जास्त, कारण तिचं घर सगळ्यांत काठावर.

काकी म्हणजे आप्पांच्या थोरल्या भावाची बायको. आप्पा सोळाव्या वर्षी मुंबईला यायला निघाले तेव्हा नवी नवरी असलेल्या तिने त्यांना भाकऱ्या बांधून दिल्या होत्या. त्यानंतर दरवर्षी, कापणी झाली की, तिच्याकडून लालबागला आमच्या दोन खोल्यांत उकड्या तांदळाची पिशवी यायची. काका गेले तरी ती पिशवी चुकली नाही. घरात कुणी नवं माणूस जेवायला बसलं की आप्पा ताटाकडे बोट दाखवून म्हणायचे, ‘‘हा वैनीचा तांदूळ.’’ जणू तिने तो एकेक दाणा निवडून त्यांच्यासाठीच पाठवला होता. आणि खरंच निवडलेलाच असायचा.

लालबागला आमच्या गावची एक खोली आहे. गिरणीच्या काळात गावाहून आलेले गडी तिथे पाळीपाळीने झोपायचे, भिंतीवर प्रत्येकाच्या ट्रंकेची फळी. आता तिथे कुणी राहत नाही. ट्रंका आहेत, देवाचा फोटो आहे आणि महिन्याच्या एका रविवारी गावच्या मुंबई मंडळाची सभा भरते. या दहा बाय बाराच्या खोलीत बसून आम्ही गावाचं काय काय ठरवलं आहे! देवळाचा रंग, पालखीची वाट, शाळेचं कुंपण. याला उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात, पण हे उंटावर बसलेल्याला कळत नाही. गावातले लोक काही बोलत नसत. मुंबईकरांनी ठरवलं म्हणजे ठरलं, अशी रीतच पडून गेली होती.

तर त्या खोलीत एका रविवारी ठरलं की गणपती विसर्जनाला नदीवर पक्का घाट बांधायचा. गणपतीत आमच्या बायकामुलांचे पाय चिखलात भरतात, मूर्ती धरणाऱ्याचा तोल जातो, कुणाची तरी चप्पल दरवर्षी वाहून जाते. घाट, पायऱ्या, आणि काठाने चिऱ्यांची चांगली पुरुषभर उंच भिंत, म्हणजे माती खचायला नको. आप्पा चिटणीस. मोजमाप साहजिकच त्यांच्याकडे. आम्ही मे महिन्यात गेलो आणि नदी मोजली.

टेपचं दुसरं टोक माझ्या हातात होतं, हे इथे लिहून ठेवलं पाहिजे. दोघांनी पँट दुमडल्या होत्या. आप्पा आकडे सांगत होते, मी वहीत लिहीत होतो. वाळूवर पाण्याची जुनी रेघ होती, आप्पांनी तिच्यापलीकडे दोन हात जागा सोडली आणि समाधानाने म्हणाले, ‘‘इथवर पाणी येत नाही.’’ काकीच्या घरामागून एक छोटा ओढा येतो, आमच्याकडे त्याला व्हाळ म्हणतात. मे महिन्यात तो कोरडा ठणठणीत असतो. त्याच्या तोंडावरून भिंत न्यायची तर खाली दोन सिमेंटचे पाइप टाकू, असं ठरलं. दोन पुरेत, एकात कुत्रं जाईल एवढा मोठा पाइप होता.

काकी कळशी घेऊन आली होती. ती उभी राहून बघत होती. मग म्हणाली, ‘‘भावजीनू, हय नको. पावसात ती हयसून येता.’’

‘‘ती कोण गे?’’ आप्पांनी हसत विचारलं.

काकीने हनुवटीने नदीकडे दाखवलं. आप्पा अजून हसले. मीही हसलो असेन. घोट्याएवढ्या पाण्यात उभं राहून त्या पाण्याची भीती वाटणं अवघडच असतं.

हे म्हणजे कोरं कापड मोजून ब्लाउज बेतण्यासारखं झालं. आमच्याकडे येणारी कुठलीही शहाणी बाई खण आधी पाण्यातून काढते, आटू देते, मग शिंप्याकडे टाकते. आप्पांना हे माझ्यापेक्षा जास्त कळत होतं. धुतल्यावर कापड वेगळं मोजतं हे ज्याने जन्मभर पाहिलं, त्याने नदी मात्र कोरी मोजली. याचं मला अजूनही नवल वाटतं.

भिंत झाली. व्हाळाच्या तोंडावरच्या भिंतीत संगमरवराची पाटी बसली, मंडळाचं नाव आणि खाली पदाधिकाऱ्यांची नावं, त्यांत आप्पांचं. दोन वर्षं गणपती पायऱ्यांवरून राजासारखे उतरले. एकही चप्पल वाहून गेली नाही.

तिसऱ्या वर्षीच्या श्रावणात सकाळी फोन आला की गावात पाणी शिरलं. मग फोन लागेचना. आप्पा गॅलरीत येरझारा घालत होते, मुंबईतही पाऊस कोसळत होता. तिसऱ्या दिवशी खबर कळली. माणसं सगळी ठीक. नदीचं पाणी दुपारपर्यंत उतरलं, पण काकीच्या घरात मात्र ते दोन दिवस राहिलं. कंबरभर. भाताची कणगी सगळी पाण्यात.

आठवड्याने गावाहून आलेल्या एका माणसाने आप्पांच्या हातात प्लास्टिकची छोटी पिशवी दिली. ‘‘काकीन दिल्यानी,’’ एवढंच म्हणाला. आत मूठभर भात होतं. प्रत्येक दाण्याला पांढरा, वाकडा, बोटाच्या पेराएवढा कोंब फुटलेला. आंबूस वास घरभर पसरला. सोबत चिठ्ठी नाही, निरोप नाही.

आप्पांनी त्यातला एक दाणा तळहातावर घेतला. मग म्हणाले, ‘‘दीपक, हे आपल्या भिंतीमुळे झालं का रे?’’

मी म्हटलं, ‘‘आप्पा, पूर आला. पुराला काय भिंत लागते?’’

‘‘ते मला माहीत नाही,’’ ते म्हणाले. ‘‘म्हणून विचारतोय.’’

मला त्या वेळी फार वाईट वाटलं. काकी फोनवर यायची, माझ्याशी, माझ्या बायकोशी बोलायची, पण आप्पांशी नाही. ‘फोन आप्पांना देऊ?’ म्हटलं की तिला नेमकं चुलीवरचं दूध आठवायचं. दुसरा एखादा असता तर त्याने नशिबाला बोल लावला असता, नाहीतर चार दिवस रुसून बसला असता. आप्पांनी दुधाच्या पावडरीचा एक रिकामा डबा घासला, त्याच्या आत शाळेची फुटपट्टी उभी केली आणि तो चाळीच्या गच्चीवर नेऊन ठेवला. पंच्याहत्तरीच्या माणसाने पाऊस मोजायला सुरुवात केली.

रोज सकाळी जिना चढून डबा बघायचा, कॅलेंडरच्या त्या दिवसाच्या चौकोनात आकडा लिहायचा. त्याखाली पेपरातून भरतीची वेळ. मग गावात पोस्टाजवळ दुकान असलेल्या माणसाला फोन. ‘‘आज कड्यावर ढग आहेत का? व्हाळाला पाणी किती? लाल आहे का गढूळ?’’ तो बिचारा आधी कौतुकाने सांगायचा, मग फोन उचलेनासा झाला. शेजारीपाजारी गंमत करायचे, ‘‘काय आप्पा, आज वेधशाळा काय म्हणते?’’ आप्पा गंभीरपणे आकडा सांगायचे.

त्या श्रावणात मी माझ्या बापाकडून भूगोल शिकलो. ते जेवताना बोलत, घास हातात धरून. ‘‘बघ, समुद्रावरून ढग येतात ते भरलेले. आपल्याकडे पोचतात आणि समोर डोंगर. पुढे जायला वाट नाही, वर चढावं लागतं. वर चढायचं तर ओझं टाकायला नको? मग सगळं तिथेच टाकतात, कड्यावर. उतार असा की ते पाणी गावात पोचायला वेळच लागत नाही. गावात ऊन असलं तरी डोंगरात पाऊस पडून गेलेला असतो. बरं, खाली जायचं तर खाली भरती. अमावास्या-पौर्णिमेचं उधाण असलं तर समुद्रच आत घुसलेला. वरचं खाली येतंय, खालचं वर येतंय. मध्ये कोण?’’

‘‘काकी,’’ मी म्हणायचो.

‘‘वैनी,’’ ते म्हणायचे आणि घास तोंडात घालायचे.

पण यातून भिंतीचं उत्तर मिळत नव्हतं. डोंगर होता, उतार होता, भरती होती. हे सगळं भिंतीच्या आधीही होतंच. पूर पूर्वीही आले होते. मग काकीच्या घरातच दोन दिवस पाणी का राहिलं? आप्पांना सुटका नको होती, कारण हवं होतं. या दोन गोष्टींतला फरक मला तेव्हा समजला आणि त्यांच्याविषयी मनात काहीतरी हललं. आदर म्हणा.

एक दिवस मुंबईत सकाळपासून धो धो लागला होता आणि दुपारी मोठी भरती होती. आप्पा छत्री, रेनकोट, टेप असे लालबागहून चालत आमच्या दुकानात हजर.

‘‘आप्पा, तुम्ही गिऱ्हाईक नाय राहिले, तुम्ही तर इन्स्पेक्टर झाले,’’ शेठ म्हणाले आणि त्यांच्यासाठी चहा मागवला.

आप्पांनी दारापाशी खुर्ची टाकली. त्या वेळी आमच्या दुकानाला दारात गुडघ्याएवढा पक्का उंबरा बांधलेला होता, विटांचा, वर कडप्पा. रस्त्यावरचं पाणी आत येऊ नये म्हणून. शेठना त्याचा फार अभिमान. पाऊस थांबला. आप्पा रस्त्यावरच्या खांबाकडे बघत होते. ‘‘दीपक, पाऊस थांबून अर्धा तास झाला. मग पाणी चढतंय कसं?’’

‘‘भरती आहे आप्पा. गटाराचं पाणी समुद्रात जाईना, मग ते थांबतं. आणि आजूबाजूचं सगळं उताराने हिंदमाताला येतं. ही बशी आहे.’’

‘‘हं. म्हणजे किती पाऊस पडला एवढंच नव्हे. पाण्याला जायला जागा आहे का, तेही.’’

तेवढ्यात मागून आमच्या दुकानातली सुलभाताई ओरडली, ‘‘आलं, आलं! जाळीतून आलं!’’ मोरीची जाळी आधी गुळण्या केल्यासारखी वाजते आणि मग काळं पाणी वर येतं. उंबऱ्याकडे पहारा आणि चोर मागच्या दाराने. आम्ही साड्यांचे गठ्ठे उचलले, शेठनी धोतर खोचलं. बाहेर जेवढं तेवढं आत झालं. मग भरती उतरायला लागली. रस्त्यावरचं पाणी बघता बघता ओसरलं, टॅक्सी धावू लागल्या. आणि आम्ही? आम्ही आत बादल्यांनी पाणी उपसून उंबऱ्यापलीकडे टाकत होतो. मोरीत गाळ आणि सुताची गुंतवळं अडकली होती. पाणी येताना जोराने आलं, जाताना थेंब थेंब. आणि दारातून जावं तर उंबरा.

आप्पा खुर्चीवर पाय वर घेऊन बसले होते. रस्ता कोरडा, दुकानात गुडघाभर पाणी. ते एकदा बाहेर बघत, एकदा आत. मग उठून पाण्यात उतरले आणि वाकून उंबऱ्याला टेप लावली. आतून पाण्याची उंची मोजली. आणि टेप हातात धरूनच माझ्याकडे बघून म्हणाले, ‘‘दीपक, बाहेरचं गेलं.’’

मी बादली खाली ठेवली. मला कळलं होतं. त्यांच्या चेहऱ्यावर शोध लागल्याचा आनंदही होता आणि त्याच वेळी डोळ्यांत पाणी. एकाच चेहऱ्यावर हे दोन्ही मी आधी कधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही.

त्या वर्षी गणपतीला गेलो. काकीच्या घराच्या भिंतींवर कंबरेएवढ्या उंचीवर तांबडी रेघ होती, कुणीतरी दोरी धरून मारावी तशी सरळ. काकीने आप्पांपुढे पाण्याचा तांब्या ठेवला, गूळ ठेवला, शब्द मात्र ठेवला नाही. मग जे संभाषण झालं ते माझ्यामार्फत, तिघंही एकाच पडवीत बसून.

‘‘दीपक, काकीला विचार, पाणी कुठून आलं?’’

‘‘दीपका, सांग त्यांका, मागल्या दारान. मी फुडच्या दारात बसलंय वाट बघीत आणि ता मागसून इला.’’

‘‘व्हाळातून?’’

‘‘मग काय आभाळातून? न्हय भरली, व्हाळाक जावक वाट नाय. ता माघारी फिरला.’’

‘‘आणि उतरलं कधी? विचार तिला.’’

काकी माझ्याकडे बघून, पण त्यांच्यासाठी म्हणाली, ‘‘आदी पाणी येय ता जाय. आता इला आणि ऱ्हवला. दोन दिस, पावण्यासारख्या. पावणो तरी इचारून ऱ्हवता.’’

आप्पा उठले आणि मागच्या दाराने व्हाळाच्या काठाकाठाने चालत गेले. मी मागे. भिंतीपाशी दोन पाइप होते, त्यांच्या तोंडाशी नारळाची झावळं, पाला, आमच्या मुंबईच्या पिशव्या आणि लाल माती घट्ट बसली होती. कुत्रं सोडा, उंदीर गेला नसता. ती माती कुठली, हेही आप्पांनी त्या चार दिवसांत शोधलं. वर डोंगराच्या कुशीत चिरेखाणी निघाल्या होत्या, रस्त्यासाठी उतार कापला होता, झाडी गेली होती. मोकळी झालेली माती पावसाबरोबर खाली आली आणि नदीत बसली. घाटाजवळ एक कोंड होता, खोल डोह. लहानपणी आप्पा त्यात बांबू घालायचे, तळ लागायचा नाही. आता तिथे बायका कंबरभर पाण्यात उभ्या राहून कपडे धुवत होत्या. आप्पांनी टेप काढली, पण मोजलं नाही. खिशात परत ठेवली.

परतल्यावर पहिल्याच रविवारी गावच्या खोलीत सभा होती. विषय एकच. भिंत कमी पडली, ती आणखी उंच करायची. अध्यक्ष तात्या, आप्पांचे जुने दोस्त, नकाशाच घेऊन आले होते. पोरंसोरं उत्साहात. चहा आला, ट्रंकांच्या फळ्यांखाली दाटीवाटीने माणसं बसली. आप्पा उठले. ते काय बोलणार हे मला माहीत होतं आणि ज्यांच्यासमोर बोलणार तीच त्यांची आयुष्यभराची माणसं होती.

‘‘भिंत वाढवू नका,’’ आप्पा म्हणाले. ‘‘व्हाळाच्या तोंडावरची बारा हात पाडा.’’

एकदम गलका झाला.

‘‘आप्पा, डोकं ठिकाणावर आहे ना?’’ तात्या म्हणाले. ‘‘पुराने माणसं घाबरलीयत आणि तू भिंत पाडायला सांगतोस? लोक काय म्हणतील? मंडळाने पूर आणला?’’

‘‘पूर मंडळाने नाही आणला रे. पूर डोंगराने आणला, भरतीने आणला, वरच्या खाणींनी आणला. आपण तो ठेवून घेतला. जाऊ दिला नाही.’’

‘‘पाटीवर तुझं नाव आहे, विसरू नको.’’

‘‘म्हणून तर मी बोलतोय, तात्या. मोजलं मीच. टेप माझी होती. मी मे महिन्यात मोजलं.’’ ते थांबले नाहीत. ‘‘वैनीने सांगितलं होतं, इथे नको म्हणून. मी हसलो. आपण सगळेच मे महिन्यात जातो आणि आपल्याला वाटतं आपण गाव ओळखतो. तिथे जे बारा महिने राहतात त्यांना या खोलीत बसून आपण कधी विचारलं आहे का?’’

बाहेर लालबागच्या रस्त्यावर बसचा आवाज येत होता. मीही उठलो आणि म्हणालो, ‘‘टेपचं दुसरं टोक मी धरलं होतं.’’ फार काही मोठं वाक्य नव्हतं, पण तेवढंच माझ्याजवळ होतं.

लगेच काही ठरलं नाही. सभा ती, एका फटक्यात शहाणी कशी होईल? तात्या दोन महिने आप्पांशी बोलले नाहीत. पण मग त्यांनीच गावात फोन करून काठावरच्या घरांना विचारलं, बहुतेक आप्पांना खोटं पाडायला. चारही घरांनी एकच सांगितलं. उन्हाळ्यात, पुन्हा मे महिन्यातच, व्हाळाच्या तोंडावरची बारा हात भिंत पाडली. किती पाडायची ते या वेळी काकीने सांगितलं, काठी टेकवून, आणि कुणी टेप काढली नाही. पाटी नेमकी त्या बारा हातांत होती. ती फोडू नका, काकी म्हणाली. आता ती तिच्या मागल्या दारी आहे, उलटी, कपडे धुवायला. फार सपाट दगड आहे, असं ती माझ्या बायकोजवळ कौतुकाने बोलली.

आमच्या शेठनीही मधल्या काळात उंबरा काढून त्या जागी खाचेत बसणारी फळी केली. पाणी चढताना लावायची, उतरताना काढायची. आप्पांनी सुचवली होती.

पुढच्या श्रावणात पुन्हा तसाच पाऊस लागला. उधाणाचा दिवस होता. आप्पा गच्चीवरून डबा घेऊन खाली आले, आकडा बघून त्यांचा चेहरा उतरला. फोन लागत नव्हता. सकाळ गेली. जेवण कुणाला गेलं नाही. मी दुकानाला दांडी मारली होती. दुपारी तीनच्या सुमाराला माझा मोबाइल वाजला.

‘‘दीपका,’’ काकी म्हणाली, ‘‘भावजींका फोन दी.’’

मी फोन आप्पांच्या हातात दिला. त्यांनी तो दोन्ही हातांनी धरला. पलीकडून तिचा आवाज मला स्पष्ट ऐकू येत होता, बहिऱ्याशी बोलावं तसा मोठा.

‘‘भावजीनू, पाणी इला होता. उंबऱ्यापर्यंत इला. आता गेला.’’

‘‘किती वाजता इला?’’ आप्पांनी विचारलं. ‘‘आणि किती वाजता गेला?’’

‘‘घड्याळ बघूक मी काय तुमच्या गिरणीत होतंय? इला आणि गेला. तुमी जेवलास?’’

आप्पांनी काहीतरी हो-हो केलं. फोन परत दिला आणि भिंतीकडे वळून कॅलेंडरसमोर उभे राहिले. त्यांच्या पाठीवरून मला कळत होतं की ते रडताहेत. मग त्यांनी कानावरची पेन्सिल काढली.

ते पान माझ्याजवळ आहे. दुकानात, या वर्षीच्या कॅलेंडरच्या मागे, त्याच खिळ्याला. परवा प्रणालीच्या प्रश्नाचं उत्तर देताना मी ते पुढे काढून तिला दाखवलं. महिनाभराचे चौकोन आकड्यांनी भरलेत, पाऊस किती, भरती केव्हा, कड्यावर ढग होते की नव्हते. तिने एकेक चौकोनावर बोट फिरवलं आणि त्या एका दिवसापाशी थांबली.

‘‘काका, इथे आकडाच नाही,’’ ती म्हणाली. ‘‘या दिवशी पाऊस नव्हता?’’

त्या चौकोनात आप्पांच्या हातचे तीनच शब्द आहेत. ‘वैनी माझ्याशी बोलली.’